दादा भिंतीपाशी काय बोलला

४ फेब्रुवारी

प्रिय भावोजी,

पाकिटावरचं अक्षर ओळखून पत्र तसंच कपाटात टाकू नका. आधी वाचा, मग रागवा. बोलावणं करायला लिहीत नाहीये मी. तो नाद कधीच सोडला, आणि या वयात कोणाच्या नाकदुऱ्या काढायला मला वेळही नाही. एक परवानगी हवी आहे, तेवढ्यापुरतंच हे पत्र.

तुमच्या दादांवर टीव्हीवाले फिल्म काढताहेत. एकेका चित्रकाराचं आयुष्य आणि त्याचं काम, अशी मालिका आहे, रविवारी संध्याकाळच्या बातम्यांनंतर लागते. यांनी आधी साफ नाही म्हटलं. "मी काय पिंजऱ्यातला वाघ आहे का, बघायला यायला?" म्हणाले. आणि दुसऱ्या दिवशी कोणाला न सांगता केस कापून आले. तुम्हाला माहीतच आहे तुमचा दादा.

तेव्हापासून घरात पाय ठेवायला जागा नाही. जिकडे तिकडे वायरी. फिल्म करणारी मुलगी गोड आहे. केस बारीक कापलेले, पायात दणकट बूट, आणि सारखी "कट, कट" करते म्हणून मी तिचं नाव कात्री ठेवलंय. तिला आवडलं. तिच्याबरोबर एक कॅमेरेवाला आहे, तो बोलत नाही, नुसती बिस्किटं संपवतो. आणि एक आवाजवाला, जो रोज सकाळी यांच्या शर्टाला बारकासा माईक लावतो. परवा हे तो माईक लावूनच न्हाणीघरात गेले. तिथे माणूस स्वतःशी जे बोलतो ते सगळं बोलले, कात्रीला उद्देशूनही दोन शब्द बोलले. बाहेर तिघं हेडफोन कानाला लावून ऐकत होती. हे बाहेर आल्यावर कात्री म्हणाली, "काका, इतक्या दिवसांत एवढीच मुलाखत तुम्ही मनापासून दिलीत."

यांना जिना चढायला लावतात, उतरायला लावतात, पुन्हा चढायला लावतात. खिडकीशी उभं करून म्हणतात, "विचार करा." हे विचारतात, "कसला?"

आता मुद्द्याचं. काल कात्री स्वयंपाकघरात येऊन बसली. कागद चाळत म्हणाली, "काकू, काकांना भावंडं नाहीत ना?" तिच्या सगळ्या कागदांत तसंच आहे. मी बटाटे सोलत होते. हात थांबवून सांगितलं, "धाकटा भाऊ आहे." तिने कप खाली ठेवला. मग माझ्या तोंडाला कोण आवरणार! खालच्या खोलीतलं पाट्या रंगवायचं दुकान, पत्र्यांचा आणि टर्पेंटाइनचा वास, माझ्या लग्नातल्या कपड्यांनाही तो चिकटला होता ते, सगळं सांगितलं. तुम्ही आखायचात, हे भरायचे. रेघ मारताना तुम्ही श्वास धरून ठेवायचात आणि मी चहाचा कप घेऊन दारात ताटकळायची, पाऊल पुढे टाकू की नको म्हणून. ऐकताना कात्रीचे डोळे असे मोठे झाले. तिला कॅमेरा घेऊन तुमच्याकडे यायचंय. तुमच्या नकाशांच्या कचेरीतही चित्रीकरण करू म्हणाली. मी सांगितलं, ते आता निवृत्त झालेत, पण हात अजून तोच असेल.

ते पहिलं मोठं प्रदर्शन मी विसरलेले नाही, भावोजी. तुम्ही नवा शर्ट घालून रात्रभराचा प्रवास करून आला होतात. आत शिरल्या शिरल्या भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहिलं होतं, की हा चित्रकार एकट्याने, कोणाच्याही हाताशिवाय घडला. तुम्ही ते उभं राहून दोनदा वाचलंत. मग यांच्याजवळ जाऊन विचारलंत, "दादा, हे तू सांगितलंस?" भोवती बडी मंडळी होती. हे म्हणाले, "नंतर बोलू." ते नंतर काही आलं नाही, आणि तुम्हीही आला नाहीत. पुढे प्रत्येक पुस्तकात तेच वाक्य छापत गेले आणि हे गप्प राहत गेले.

आता ते पुसायची संधी आली आहे. टीव्हीवर, सगळ्यांच्या देखत. तुम्ही फक्त हो म्हणा. यांना मी अजून काही बोललेले नाही. तुमचं उत्तर आलं की बोलेन.

तुमची,
वहिनी


१९ फेब्रुवारी

प्रिय भावोजी,

पत्र मिळालं. पत्र कसलं, नोटीसच ती. "माझं नाव, फोटो किंवा उल्लेख या कार्यक्रमात नको. तसं टीव्ही कंपनीला स्वतंत्र कळवलं आहे. उल्लेख आल्यास कायदेशीर मार्ग मोकळा आहे. तब्येतीची काळजी घ्यावी." तब्येतीची काळजी घ्यावी म्हणे! माझ्या हातचं खाऊन मोठे झालात आणि मला कोर्टाची भाषा शिकवता? वाचून इतका संताप आला की दूध उतू गेलं तरी मी उभीच.

दुपारी जरा शांत झाले. मग वाटलं, इतकी वर्षं कोणी तुम्हाला घरातून खोडून ठेवलं, आणि आता त्यांच्या सोयीने पुन्हा लिहायला निघाले. तुम्ही तरी गोड कसं बोलणार? तुमचा राग मला कळतो. पण कळतो म्हणून पटतो असं नाही, हे ध्यानात ठेवा.

यांना मी सांगितलं. तुम्ही नको म्हणालात एवढंच सांगितलं, कायद्याचं गाळलं. हे बराच वेळ ब्रश पुसत बसले. ब्रश स्वच्छच होता.

इकडचं ऐका. काल एक समीक्षक आले होते मुलाखतीला. टकलावर उजेड चमकतो म्हणून कात्रीने पावडर लावली, तर ते लाजले. माणूस भला आहे. यांच्या मोठ्या निळ्या चित्रासमोर बसून म्हणाले, "या चित्रांत कुठेच कडा नाहीत. एक रंग कुठे संपला आणि दुसरा कुठे सुरू झाला, बोट ठेवून दाखवता येत नाही. या चित्रकाराने रेषा नाकारली, सीमाच नाकारली." बोलले छान, आणि खोटंही नव्हतं ते. चित्रं आहेतच तशी. पण मी आतल्या खोलीत उभी होते, मला तिथे थांबवेना. रेषा कसली नाकारताहेत? ते काम तुमचं होतं. तुम्ही गेल्यावर यांनी त्याला हात लावला नाही, एवढंच झालंय. कोणाच्या तरी खुर्चीवर दुसरं कोणी बसू नये तसं. हे मी यांच्या तोंडून कधी ऐकलेलं नाही. पण इतकी वर्षं एका घरात काढल्यावर काही गोष्टी ऐकाव्या लागत नाहीत.

आणि अजून एक. यांना कॅमेऱ्यासमोर नवीन चित्र सुरू करायला सांगितलंय. हे भरलेला ब्रश हातात धरून कोऱ्या कॅनव्हाससमोर उभे राहतात ते राहतातच. कॅमेरेवाल्याचा खांदा भरून येतो. कात्री दबक्या आवाजात म्हणते, "चिंतन चाललंय." मला हसूही येतं आणि रडूही. दुकानातही हे अस्सेच उभे असायचे, तुमचं आखून व्हायची वाट बघत. तुम्ही बाजूला होऊन "हं, भर" म्हणेपर्यंत यांचा हात हलायचा नाही.

तब्येतीची काळजी तुम्हीच घ्या. गुडघे दुखतात असं ऐकलं. कोणाकडून ते विचारू नका.

तुमची (अजून रागावलेली),
वहिनी


३ मार्च

प्रिय भावोजी,

आज राग बाजूला ठेवून लिहिते, कारण आज जे झालं ते तुम्हाला सांगितल्याशिवाय मला जेवण जाणार नाही.

तुम्हाला ती छत्र्यांच्या कारखान्याची जाहिरात आठवते? चार मजली भिंतीवरची? तुम्ही दोघं तिच्यावर उन्हाळाभर काम करत होतात आणि दोघांच्याही मानेची कातडी सोलून निघाली होती. पुढे शेजारी नवी इमारत उठली आणि जाहिरात झाकली गेली. आपण म्हटलं, संपलं. तर ती शेजारची इमारत आता पाडली आहे. आणि मागे तुमची भिंत तशीच्या तशी! ऊन नाही, वारा नाही, इतकी वर्षं झाकून ठेवल्यासारखी. लाल छत्री अजून लाल आहे.

कात्रीला कोणीतरी हे सांगितलं. तिने यांना काही सांगितलं नाही, मला मात्र बरोबर यायला लावलं. गाडीतून उतरवलं, पत्र्याच्या कुंपणातून आत नेलं. पाडकाम करणाऱ्यांची जेवणाची सुट्टी होती, सगळीकडे विटांचे ढीग. हे खाली बघत, पाय जपत चालत होते. "कुठे आणलंत मला, घर विकायचंय की काय?" म्हणाले. मग मान वर केली.

भावोजी, मी या माणसाला आईवडिलांच्या जाण्याच्या वेळी पाहिलंय, दवाखान्यात पाहिलंय, पण असा चेहरा पाहिला नव्हता. तोंड उघडं ते उघडंच. छत्रीखालचा तो रुबाबदार माणूस, आणि त्याच्या पायाशी तुम्ही स्वतःच्या मनाने काढलेला कुत्रा, जो मालकाने सांगितलाच नव्हता! मालक किती चिडला होता. "मी छत्र्या विकतो, कुत्री नाही." आणि मग शाळेतली पोरं कुत्रा बघायला थांबायला लागली तेव्हा तोच मालक मिशीला पीळ देत उभा राहायचा. त्या कुत्र्याच्या पाठीची रेघ, मानेपासून शेपटीपर्यंत एका झटक्यात मारलेली, जशीच्या तशी आहे. कुठे थरथरलेली नाही. मला चित्रातलं काही कळत नाही, पण ती मला कळली.

हे भिंतीजवळ गेले. तळहात टेकवला. आणि बोलायला लागले. कोणी प्रश्न विचारला नव्हता. कात्रीने एक बोट वर करून सगळ्यांना गप्प केलं. कॅमेरा चालू होता, माईक शर्टाला होता. हे बोलत राहिले, इतकं सलग मी यांना आमच्या लग्नापासून बोलताना ऐकलं नसेल. तुमच्याबद्दल बोलले.

काय बोलले ते मी आज लिहीत नाही. ते यांच्याच तोंडून तुमच्या कानावर जाऊ दे. माझ्या अक्षरात त्याची मजा नाही. आता फक्त त्या कंपनीला कळवा, की तुमची हरकत नाही. हवं तर लिहा की वहिनीने डोकं खाल्लं म्हणून कळवतोय.

पत्र टाकायला निघाले तर यांनी विचारलं, "कोणाला?" मी म्हटलं, "वीज कंपनीला, बिल चुकलंय." हे वर्तमानपत्रातून मान वर न काढता म्हणाले, "त्यांना लिही, म्हणावं गुडघ्यांना शेक घ्या." म्हणून पाकीट पुन्हा उघडून हे एवढं खाली लिहिलंय.

तुमची,
वहिनी


२० मार्च

भावोजी,

आज मायना नाही, घाईत आहे.

त्यांनी ते कापलं. कात्रीने नाही, तिच्या वरच्या साहेबांनी. तुमचं ते कायद्याचं पत्र त्यांच्या फायलीत आहे. ते म्हणाले, भावाचा उल्लेखही नको म्हणजे नको, कोण कोर्टाच्या पायऱ्या चढणार? कात्री भांडली, मग फोनवर रडली. यांच्या तोंडून इतक्या वर्षांनी जे बाहेर आलं ते तुमच्याच सहीने बंद झालंय. दोघं भाऊ हट्टी आहात हे माहीत होतं. पण यांनी एकदा तोंड उघडावं आणि नेमका त्याच वेळी तुम्ही त्यावर हात ठेवावा, याला काय म्हणावं?

शुक्रवारी फिल्मची जोडणी पक्की होते, मग बदल नाही. कात्रीचा नंबर कागदाच्या मागे दिलाय. फक्त "हो" म्हणायचंय. वाक्यसुद्धा नको.

वहिनी


८ एप्रिल

प्रिय भावोजी,

तुम्ही फोन केला नाहीत. शुक्रवारी मी दिवसभर फोनपाशी होते, कात्री तिच्या फोनपाशी. संध्याकाळी तिने मला फोन करून सांगितलं, फिल्म पक्की झाली.

मला वाटलं होतं मी तुमच्यावर चिडेन. यांनीच चिडू दिलं नाही. सगळं कळल्यावर म्हणाले, "त्याला नको असेल तर नको. एकदा त्याला न विचारता त्याचं नाव गाळलं. आता त्याला न विचारता घालायचं का? त्याचा हक्क आहे." आणि स्वतः उठून चहा केला, मलाही दिला. साखर विसरले होते. मी तसाच प्यायले.

परवा कात्री फिल्म घेऊन आली. आम्ही तिघांनी पाहिली. चांगली झाली आहे. जिना आहे, खिडकी आहे, पावडर लावलेले समीक्षक आहेत. मी एका ठिकाणी बटाटे सोलताना दिसते आणि फार जाड दिसते. आणि भिंतसुद्धा आहे. तेवढं कात्रीने साहेबांशी भांडून ठेवलं. छत्री, कुत्रा, यांचा टेकवलेला हात, सगळं आहे. फक्त आवाज काढून टाकलाय आणि त्यावर व्हायोलिन घातलंय. यांचे ओठ हलताना दिसतात. बघणाऱ्याला वाटेल, म्हातारा जुन्या आठवणीत काहीतरी पुटपुटतोय.

येत्या रविवारी लागणार आहे. तुम्ही बघाल. बघणार नाही म्हणाल आणि बघाल, मी तुम्हाला ओळखते. म्हणून हे पत्र त्याआधी पोचेल असं टाकते आहे. टीव्हीवाल्यांना तुमची मनाई आहे, मला नाही. मी तिथे यांच्या मागेच उभी होते आणि माझे कान अजून शाबूत आहेत. व्हायोलिन सुरू झालं की हे पत्र हातात घ्या आणि वाचायला लागा. हे सावकाश बोललेत, तुम्हीही सावकाश वाचा.

त्याआधी माझं एक वाक्य. पहिल्या पत्रात मी म्हटलं होतं की बोलावत नाहीये. खोटं होतं ते. घर तुमच्यावाचून ओकंबोकं आहे, आणि मी तुम्हाला बोलावते आहे. मला माझा दीर हवाय.

आता यांचं.

"ही भिंत माझी म्हणून तुम्ही दाखवणार असाल तर दाखवू नका. रंग माझा आहे. बाकी सगळं माझ्या भावाचं. धाकटा भाऊ आहे मला. मला सरळ रेघ कधीच मारता आली नाही. लहानपणी मास्तर माझी वही त्याला दाखवायचे आणि म्हणायचे, थोरल्याला शिकव जरा. तो मला शिकवायचा, आणि नाही जमलं की म्हणायचा, राहू दे दादा, मी आखतो, तू भर. त्यातूनच दुकान झालं. पुस्तकांत लिहितात मी एकटा घडलो. ते मी सांगितलेलं नाही. पण पहिल्या प्रदर्शनाच्या दिवशी भिंतीवर लिहिलेलं मी त्याच्या आधी वाचलं होतं, सकाळीच. काढायला सांगता आलं असतं, शिडी तिथेच होती. मी राहू दिलं. मला वाटलं, अर्धं काम दुसऱ्याचं आहे असं कळलं तर उरलेल्या अर्ध्याला कोण विचारणार? त्याने मला विचारलं तेव्हा मी नंतर बोलू म्हणालो. तो दारातून बाहेर जाताना दिसत होता मला. कोणीतरी माझा हात धरून अभिनंदन करत होतं. हात सोडवून धावलो असतो तर जिन्यातच गाठला असता. मी धावलो नाही. लोक मला विचारतात, तुमच्या चित्रांत रेघ का नाही. काय सांगू? ज्याची होती तो घेऊन गेला."

इथे हे थांबले. कात्रीने हळूच विचारलं, "आज ते इथे आले तर काय म्हणाल?" टीव्हीवर तेव्हा कुत्रा दिसतो, पण यांचं उत्तर त्याच्यानंतर आहे, पुन्हा चेहरा येतो तेव्हा.

"म्हणणार काय? इथे आम्ही दोरांनी टांगलेल्या एका फळीवर उभं राहून काम करायचो. एक जण चढला की फळी हलायची, म्हणून आधीचा न बोलता एका बाजूला व्हायचा. मीही तसाच सरकेन थोडा. दोघांना जागा होते."

तुमची,
वहिनी